पोचा

माझ्या नोकरीत वजनं उलटी करून बघावी लागतात.
तळाशी शिसं असतं, शिशावर शिक्का.
शिक्का कुठल्या सालचा ते आधी वाचायचं,
मग माणसाकडे बघायचं.
उलट केलं तर चूक होते.
हे मला खात्यानं शिकवलेलं नाही.

आईचं माप पितळेचं होतं, शेराचं.
बुडाला आत शिरलेला पोचा,
माझी चिमुकली मूठ बसेल एवढा.
आनंदवाडीतून पहिल्या गाडीनं तळेबाजार,
टोपली टपावर, टोपलीत सुकवलेला गोलमा,
गोलम्यावर माप पालथं.
वरच्या गावांतल्या बायका भात घेऊन यायच्या.
गोलमा द्यायचा आमच्या मापानं,
भात घ्यायचा त्यांच्या.
त्यांची मापं धड होती.

मी आठ वर्षांची.
आई खळ्यात कावळे हाकत होती,
मी माप मांडीत घेतलं
आणि आतून गोटा मारत बसले,
मोजून नाही, बुड सपाट होईपर्यंत.
मग चिंच लावून घासलं.
"आये, बघ, नवां केलंय."

आई हसली नाही. रागावलीही नाही.
बोटं आत घालून तिनं बुड चाचपलं,
तापात माझं कपाळ चाचपायची तसं.
"बरां केलंस," म्हणाली.

त्या बाजारी गोलमा बाराच्या आत संपला.
येताना टोपली हलकी होती,
आणि आई टोपली जड असल्यासारखी चालत होती.
रात्री भालूच्या ताटलीत पेजेचं शीत,
माझ्यात निवळ.
आईनं चूल लवकर विझवली.
नंतर, झोपेत की जागेपणी, मागल्या दारी एक आवाज.
वरवंट्याचा पितळेवर. एकच.
कुणाला उठवायचं नसावं.

सकाळी पोचा जागेवर होता.

मुलाखतीत विचारलं, हीच नोकरी का?
मी म्हणाले, ग्राहकांचं हित.
साहेबांनी मान डोलावली.
तेव्हापासून एकवीस वर्षं,
सोनारांचे काटे, रॉकेलची मापं,
पंपावरची पाच लिटरची बादली.
एका सोनारानं चहात साखर कमी आहे का विचारलं
आणि मी त्याचा काटा जप्त करून आणला.
कडक बाई म्हणतात मला. असेन.

फक्त मासळीबाजारात जायचं असलं
की आदल्या संध्याकाळी बर्फवाल्याच्या पोराला
सहज सांगते, उद्या आम्ही येतोय.
हे कुठल्याच नोंदवहीत नाही.
इथे लिहिते आहे.

परवा भालू बोटीवरून सुट्टीला आला.
बांगड्याचं तिखलं ओरपत, हसत म्हणाला,
"तो पोचो? तो माझ्या हातसून पडलो.
माप टपावरसून खाली इला.
तू तेव्हा विजयदुर्गाक होतंस, मावशीकडे."

मी भात वाढला.
त्याचं म्हणणं खोडायला माझ्याकडे काय आहे?
एक आवाज. आणि आवाजानंतर
आईनं सोडलेला श्वास,
जो मी भिंतीच्या अलीकडून ऐकला
किंवा नंतर कधीतरी तिथे नेऊन ठेवला.
आई असती तर विचारलं असतं.
नाही. असती तरी विचारलं नसतं.

भालूचं खरं असेल
तर आईनं कधी कुणाला कमी दिलं नाही,
म्हणजे दिलं, पण जाणून नाही,
आणि मी जिच्यासाठी इतकी कडक झाले,
जिच्यासाठी बर्फवाल्याच्या पोराशी बोलते,
ती बाई बाजारात कधी बसलीच नव्हती.
मग वजनं उलटी करणारी ही कोण?
हिच्या तळाशी कुठल्या सालचा शिक्का?

माप माझ्याकडे आहे, तांदळाच्या डब्यात.
रोज त्यानंच तांदूळ घेते.
एक माप, वर एक मूठ.
पोच्यात किती मावतं, मुठीत किती,
मोजून बघितलेलं नाही.
काटा आहे. माझ्याच टेबलावर असतो,
काचेच्या पेटीत,
श्वास लागला तरी हलतो.